बाकी कोणाची?

साडेसातला चारने भागा. कॅल्क्युलेटर नको, मोबाईल नको. कागद आणि पेन, शाळेत करायचो तसं.

चार एके चार, सातातून चार गेले, बाकी तीन. आता भाज्यात दशांशचिन्ह आलं, म्हणून भागाकारातही तिथेच चिन्ह द्यायचं. पाच खाली घेतला, झाले पस्तीस. चार आठे बत्तीस, बाकी तीन. आता खाली घ्यायला अंकच नाही, म्हणून शून्य घ्यायचं. तीस. चार साते अठ्ठावीस, बाकी दोन. पुन्हा शून्य. वीस. चार पंचे वीस. बाकी शून्य. उत्तर १.८७५.

जमलं ना? पाचवी-सहावीत हे आपण सगळ्यांनी घोटलेलं आहे. पण यातलं एक वाक्य पुन्हा वाचा : "खाली घ्यायला अंकच नाही, म्हणून शून्य घ्यायचं." हे शून्य येतं कुठून? ते घ्यायची परवानगी आपल्याला कोणी दिली? आणि कितीही शून्यं घेतली तरी बाकी संपतच नसेल तर थांबायचं कुठे?

रोज पैशांचे आकडे हलवणारा कोड लिहितो, त्यामुळे हे प्रश्न माझ्या पोटापाण्याचे आहेत. गेले काही वीकेंड्स मी त्या शून्याचा माग काढत बसलो होतो. तो शेवटी जिथे पोचला तिथे गणित संपलं होतं आणि कायदा सुरू झाला होता. पण ते पुढे.

आधी आपल्या आजोबा-पणजोबांकडे जाऊ. साडेसात रुपये चौघांत वाटायचे. ते साडेसात लिहीत ७॥ असे. एक उभी रेघ म्हणजे पाव, दोन म्हणजे अर्धा, तीन म्हणजे पाऊण. दशांशचिन्ह नाहीच. भागाकार कसा? चौघांना एकेक रुपया, उरले साडेतीन रुपये. रुपयाचे सोळा आणे, म्हणजे साडेतीन सोळे छप्पन्न आणे. छप्पन्न भागिले चार, चौदा आणे. प्रत्येकी एक रुपया चौदा आणे. (तपासून बघा, चौदा आणे म्हणजे रुपयाचा ०.८७५ भाग. तेच उत्तर.) आण्यांतही बाकी उरली तर तिला बारांनी गुणायचं, कारण आण्याच्या पै बारा, आणि पुन्हा भागायचं.

म्हणजे रीत अशी : बाकीला लहान नाण्यात मोडायचं आणि परत वाटायचं. मुद्दा एवढाच, की प्रत्येक पायरीवर गुणायचा आकडा वेगळा. रुपयाला सोळा, आण्याला बारा. वजनात मणाचे चाळीस शेर, म्हणजे तिथे चाळीस. पंचांगवाल्यांकडे घटीची साठ पळं, अंशाच्या साठ कला, म्हणजे तिथे साठ. याच कारणासाठी मुलांकडून नुसते पाढे नाहीत, तर पावकी, निमकी, पाउणकी, सवायकी, दिडकी, अडीचकी, औटकीही पाठ करून घेत. ही औटकी म्हणजे साडेतीनचा पाढा. आपण वर "साडेतीन सोळे छप्पन्न" सहज म्हणून टाकलं, ते जुन्या माणसाला विचार न करता यायचं.

ही व्यवस्था फार जुनी आहे. भास्कराचार्यांची 'लीलावती' साधारण ११५० सालची. (भास्कराचार्यांच्या नातवाने, चांगदेवाने, त्यांचे ग्रंथ शिकवण्यासाठी मठ काढला. त्याचा १२०७ चा शिलालेख चाळीसगावजवळ पाटणला आहे. पाटणादेवीला गेलात तर लक्षात असू द्या.) 'लीलावती'च्या सुरुवातीलाच मापांचं कोष्टक येतं : वीस कवड्यांची एक काकिणी, चार काकिणींचा एक पण, सोळा पणांचा एक द्रम्म, सोळा द्रम्मांचा एक निष्क. म्हणजे द्रम्म वाटताना बाकी उरली की तिला सोळांनी गुणा, मग चारांनी, मग वीसांनी. बाकी अशी पायऱ्या उतरत उतरत कवडीपर्यंत पोचते. कवडीच्या खाली नाणंच नाही, तिथे हिशोब थांबतो. "पै न पै चुकती केली" म्हणताना आपण नकळत हेच सांगत असतो, की सगळ्यात खालच्या पायरीपर्यंत गेलो.

गंमत अशी, की दहांची स्थानिक किंमत, शून्य, डावीकडून अंक घेत भागत जाणं, हे सगळं त्या काळी आपल्याकडे होतं. 'लीलावती'तला भागाकाराचा नियम आजच्यासारखाच आहे : भाज्याच्या सगळ्यात वरच्या स्थानापासून सुरू करा, भाजकाची जितकी पट वजा होईल ती फळात लिहा. मग एककाच्या उजवीकडे जाऊन दहांनीच मोडत राहावं, असं का झालं नाही?

माझं आपलं मत : गरज पडली नाही. कारण आपल्या गणितज्ञांकडे दुसरी युक्ती होती. अपूर्णांक टाळायचा असेल तर एककच एवढं बारीक घ्या की अपूर्णांक उरणारच नाही. आर्यभटाने ४९९ साली परीघ-व्यासाचं गुणोत्तर ३.१४१६ असं दिलं नाही. त्याने सांगितलं, व्यास २०,००० असेल तर परीघ सुमारे ६२,८३२. केरळच्या माधवाने चौदाव्या शतकाच्या आसपास व्यास घेतला नव्वद हजार कोटी, आणि परीघ दिला २८,२७,४३,३३,८८,२३३. भागून बघा, पायच्या अकरा दशांश स्थळांपर्यंत बरोबर आहे, आणि दशांशचिन्ह एकही नाही! सॉफ्टवेअरवाल्यांना हे ओळखीचं वाटलं असेल. रुपये अपूर्णांकात न ठेवता पैसे पूर्णांकात साठवा, हा सल्ला आपण ज्युनियरला पहिल्या आठवड्यात देतो. तोच हा.

आता जरा पश्चिमेकडे. आपली अंकपद्धती अरबी जगात पोचली ती धूळपाटीसकट. पाटीवर धूळ पसरायची, बोटाने अंक लिहायचे, काम झालं की पुसायचे. धूळपाटीवरच्या भागाकारात भाज्याचे अंक पुसत पुसत पुढे जातात, शेवटी फक्त उत्तर आणि बाकी राहते. मधल्या पायऱ्या गायब. आपल्या भाषेत, लॉग ठेवतच नाही.

दहाव्या शतकात दमास्कसला अबुल हसन अल-उक्लिदिसी नावाचा गणिती होता. उक्लिदिसी म्हणजे 'युक्लिडवाला'. बहुधा तो युक्लिडच्या ग्रंथाच्या नकला करत असावा. त्याने ९५२-५३ साली 'हिंदी हिशोबा'वर एक पुस्तक लिहिलं. त्याला धूळपाटीचा भारी राग. रस्त्यावर भविष्य सांगणारे लोक ती वापरतात, चांगल्या माणसाला ती घेऊन बसायची लाज वाटते, असं त्याचं म्हणणं. म्हणून त्याने सगळ्या रीती कागद आणि शाईवर करता येतील अशा बदलून दिल्या.

आणि याच पुस्तकात एक उदाहरण आहे : एकोणीसचं अर्धं करा, त्याचं अर्धं, असं पाच वेळा. अर्धं करणं म्हणजे दोनने भागणं. १९ चं झालं ९.५, मग ४.७५, मग २.३७५, मग १.१८७५, आणि शेवटी ०.५९३७५. त्याचा नियम साधा आहे : कुठल्याही स्थानावरच्या एकाचं अर्धं म्हणजे त्याच्या आधीच्या स्थानावर पाच. एककाचं स्थान कुठलं ते कळावं म्हणून त्या अंकाच्या डोक्यावर एक छोटी रेघ. दशांश अपूर्णांक अशा खुणेसह लिहिल्याचा हा सगळ्यात जुना माहीत असलेला पुरावा, असं बहुतेक इतिहासकार मानतात. या ग्रंथाची एकच हस्तलिखित प्रत इस्तंबूलला टिकून राहिली, तीही मूळ लेखनानंतर दोनशे वर्षांनी केलेली नक्कल. जॉर्डनचे अभ्यासक अहमद सईदान यांनी १९६० च्या दशकात ती जगासमोर आणली.

म्हणजे आपण ज्या भागाकारापासून सुरुवात केली, दशांश संख्येला पूर्ण संख्येने भागणं, तो इथे आहे, साडेनवाला दोनने. इथे एकोणीस दिनारांना दिरहममध्ये मोडलेलं नाही. नुसती संख्या, दहांनी मोडली. गुणायचा आकडा कायम दहा, आणि दहाने गुणणं म्हणजे शून्य लावणं. आपण शाळेत "खाली घेतो" ते शून्य म्हणजे सोळांची, बाराची आणि साठांची जागा घेणारी एकच किल्ली.

बरं, मग दुनिया लगेच बदलली का? अजिबात नाही. पुढची साडेचारशे वर्षं फारसं काही झालं नाही. समरकंदला अल-काशीने १४२७ साली दशांश अपूर्णांकांचं पद्धतशीर गणित लिहिलं. त्याआधी तीन वर्षं त्याने दोन पायची किंमत सोळा दशांश स्थळांपर्यंत काढली होती. इटलीत जोव्हान्नी बियांकिनी नावाच्या व्हेनिसच्या व्यापाऱ्याने (हा पुढे ज्योतिर्विद झाला) १४४० च्या दशकात कोष्टकांत चक्क टिंब वापरलं. हे तर २०२४ मध्ये उजेडात आलं. तोवर ते टिंब सोळाव्या शतकाच्या शेवटचं आहे असं सगळी पुस्तकं सांगत होती. पण बाजारात, पेढीवर, शेताच्या बांधावर यातलं काही पोचलं नाही.

दरम्यान कागदावरचा भागाकारही बदलत होता. इटलीतल्या त्रेव्हिझो गावी १४७८ साली छापलेल्या अंकगणितात भागाकार आहे तो 'गलबत' पद्धतीचा. पुसता येत नाही म्हणून अंक खोडायचे आणि नवे वरखाली लिहायचे. शेवटी कागदावर शिडं उभारलेल्या गलबतासारखी आकृती दिसते, म्हणून ते नाव. धूळपाटीचीच ही कागदी आवृत्ती. मग १४९१ साली फ्लॉरेन्सला कालांद्रीच्या पुस्तकात आपला ओळखीचा भागाकार छापला गेला. गुणाकार खाली लिहायचा, वजा करायचा, पुढचा अंक खाली घ्यायचा. कागद जास्त लागतो, पण प्रत्येक बाकी डोळ्यांसमोर राहते. चूक झाली तर कुठे झाली ते सापडतं. डीबग करता येतो! हाच पुढे जगभरच्या शाळांत गेला. आपल्याकडे जुन्या वह्यांत भाजक डावीकडे, भाज्य मध्ये आणि भागाकार उजवीकडे दिसतो, आता भागाकार डोक्यावर लिहितात. रीत तीच.

आता फक्त ही मांडणी आणि ते टिंब एकत्र यायचं बाकी होतं. ते काम केलं एका कारकुनाने.

सिमॉन स्टेव्हिन, जन्म १५४८, गाव ब्रुझ. अँटवर्पला हिशोबनीस म्हणून काम केलेला माणूस. त्या काळी व्याजाची कोष्टकं ही पेढ्यांची गुपितं असायची. तयार कोष्टक असेल तोच झटपट हिशोब करणार, बाकीच्यांनी त्याच्या शब्दावर विश्वास ठेवायचा. स्टेव्हिनने १५८२ साली ती कोष्टकं सरळ छापून टाकली. ओपन सोर्स म्हणा ना :) त्यांत त्याने मुद्दल धरलं होतं एक कोटी, म्हणजे अपूर्णांक येणारच नाही. थेट आर्यभटाची युक्ती!

आणि तीन वर्षांनी, १५८५ साली, त्याने 'द तींदे', म्हणजे 'दशांश', ही छोटीशी पुस्तिका काढली. ती त्याने कोणाला अर्पण केली ते बघा : ज्योतिर्विद, जमीन मोजणारे, गालिचे मोजणारे, दारूची पिंपं मापणारे, टांकसाळीचे अधिकारी आणि सगळे व्यापारी. प्राध्यापकांचा उल्लेख नाही. त्याचं सांगणं एवढंच, की सगळे अपूर्णांक दहांच्या पायऱ्यांत लिहा, मग पूर्ण संख्यांना लागू असलेल्या चारही क्रिया जशाच्या तशा चालतील. बेरीज, वजाबाकी, गुणाकार, भागाकार, प्रत्येकाला एक प्रकरण. त्याची खूण जरा अवजड होती, प्रत्येक अंकाशेजारी वर्तुळात स्थानाचा क्रमांक. पुढे नेपियरने १६१० च्या दशकात साधं टिंब वापरलं आणि ते रुळलं.

भागाकाराच्या प्रकरणात स्टेव्हिन एक अडचण लपवत नाही. तो उदाहरण घेतो ०.४ भागिले ०.०३. म्हणजेच ४० भागिले ३. तेरा, पॉइंट, तीन, तीन, तीन... शून्य घेत राहा, बाकी एक राहतेच. तो म्हणतो, कामाला लागेल तितकं जवळ जा आणि उरलेलं सोडून द्या. व्यवहारात दमडीच्या हजाराव्या भागाचा हिशोब कोण ठेवतो?

हिशोबनीस माणसाचं उत्तर. अगदी बरोबर. पण या "सोडून द्या" मध्ये एक नवी गोष्ट घडली आहे. जुन्या पद्धतीत हिशोब कवडीला किंवा पैला थांबायचा, कारण त्याखाली नाणं नव्हतं. थांबायची जागा टांकसाळ ठरवायची. दशांशात खाली तळच नाही. थांबायची जागा माणसाने ठरवायची. आणि माणसाने ठरवायची म्हटलं की प्रश्न आलाच : कोणी ठरवायची, आणि सोडलेली बाकी कोणाच्या खिशात जायची?

भारतात हा प्रश्न १ एप्रिल १९५७ रोजी प्रत्येकाच्या दारात आला. त्या दिवशी रुपयाचे सोळा आणे, चौसष्ट पैसे, एकशे ब्याण्णव पै जाऊन शंभर 'नये पैसे' झाले. (अमेरिकेने १७९२ साली आणि फ्रान्सने १७९५ साली दशमान नाणी घेतली होती. ज्यांच्या पौंड-शिलिंग-पेन्समुळे जगातल्या निम्म्या पोरांनी मार खाल्ला ते ब्रिटन १९७१ ला आलं, आपल्यानंतर चौदा वर्षांनी.) वजनं-मापं १९५८ च्या ऑक्टोबरपासून मेट्रिक होत गेली, आणि 'नये' हा शब्द १९६४ साली गळून पडला.

आता आण्याचे नये पैसे किती? शंभर भागिले सोळा. करा कागदावर : सहा, बाकी चार, पॉइंट, चाळीस, दोन, बाकी आठ, ऐंशी, पाच. ६.२५. पण पाव पैशाचं नाणं नाही. मग एका आण्याचे सहा. दोन आण्यांचे साडेबारा, म्हणजे बारा की तेरा? यासाठी १९५५ सालच्या नाणे कायद्याच्या दुरुस्तीत नियम लिहून ठेवला होता : सगळ्यात जवळचा पैसा धरा, आणि दोन्ही बाजूंना अंतर सारखंच असेल तर खालचा. म्हणून दोन आण्यांचे बारा, तीन आण्यांचे (१८.७५) एकोणीस, चार आण्यांचे बरोब्बर पंचवीस.

आता हिशोब लावा. एकदम चार आणे दिले तर पंचवीस पैसे. पण सकाळी दोन आण्यांची आणि संध्याकाळी दोन आण्यांची वस्तू घेतली तर बारा आणि बारा चोवीस. एक पैसा गिऱ्हाईकाचा वाचला, दुकानदाराचा बुडाला. उलट रोज तीन आण्यांचं काही घेणाऱ्याचा दर खेपेला पाव पैसा जास्त जाणार, सोळा खेपांत चार पैसे. कोणी लबाडी केली नाही. सगळे कायद्याने वागले. तरी पैसे इकडून तिकडे गेले, कारण भागाकाराला बाकी उरली होती आणि ती कोणाची हे एका वाक्याने ठरवलं होतं.

आणखी एक हळहळ लावणारी गोष्ट. एक रुपया तिघांत वाटा. जुन्या हिशोबात एकशे ब्याण्णव पै भागिले तीन, चौसष्ट पै, म्हणजे पाच आणे चार पै. बाकी शून्य! सोळा आणे चोख. नव्या हिशोबात तेहतीस, तेहतीस, तेहतीस, आणि एक पैसा टेबलावर. जुन्यांनी सोळा, बारा, साठ असले आकडे वेडेपणाने निवडले नव्हते. सोळा म्हणजे चार वेळा अर्धं करता येतं, बारा आणि साठला तीनही चालतो. शंभराला चालतात फक्त दोन आणि पाच. आपण सोपी रीत घेतली आणि तिची किंमत म्हणून तिघांतली वाटणी कायमची बिघडवली. माझ्या मते सौदा फायद्याचाच आहे, कारण पावकी-औटकीचं ओझं गेलं आणि बाजारातला हिशोब चौथी शिकलेल्या माणसाच्या हातात आला. पण फुकट नव्हता, एवढं लक्षात ठेवायला हवं.

कॉम्प्युटरने याच सौद्यावर आणखी एक सौदा केला. तो दोनांत मोजतो, त्यामुळे त्याच्या भाजकात पाच असला तरी पंचाईत. एक भागिले दहा, आपल्याकडे नुसतं ०.१. तेच बायनरीत लाँग डिव्हिजनने करून बघा : ०.०००११००११००११... बाकी पुन्हा पुन्हा तीच येते, हिशोब संपतच नाही. कुठेतरी तोडावाच लागतो. पहिल्या आखाती युद्धात, २५ फेब्रुवारी १९९१ रोजी, सौदीतल्या धाहरानला पॅट्रियट क्षेपणास्त्र यंत्रणा एका स्कडला अडवू शकली नाही. तिचं घड्याळ सेकंदाच्या दहाव्या भागात मोजायचं आणि तो ०.१ चोवीस बिटांत तोडलेला होता. यंत्रणा सलग शंभर तास चालू होती, तेवढ्यात ती तुटकी बाकी साचून सुमारे ०.३४ सेकंद झाली. अठ्ठावीस अमेरिकन सैनिक मेले. "दमडीचा हजारावा भाग कोण मोजतो" हे स्टेव्हिनचं वाक्य एका भागाकाराला खरं आहे. तोच भागाकार छत्तीस लाख वेळा केला की खरं राहत नाही.

पैशांतलं उदाहरण हवं असेल तर कॅनडातला व्हँकुव्हरचा शेअरबाजार. १९८२ च्या जानेवारीत त्यांनी निर्देशांक १००० वर सुरू केला. दर सौद्यानंतर तो नव्याने काढायचा आणि तिसऱ्या दशांश स्थळानंतरचं सगळं कापून टाकायचं. जवळचा अंक नाही, नुसतं कापायचं. म्हणजे चूक नेहमी खालच्याच बाजूला. बावीस महिन्यांनी, नोव्हेंबर १९८३ मध्ये, निर्देशांक ५२४ च्या आसपास होता. बाकी नीट धरून पुन्हा मोजला तेव्हा निघाला १०९८.८९२. बाजार वर चालला होता आणि फलक मंदी दाखवत होता.

म्हणून आता शाळेतल्या त्या भागाकाराकडे मी जरा आदराने बघतो. तो बाकी लपवत नाही. प्रत्येक पायरीवर ती खाली लिहायला लावतो आणि विचारतो, अजून पुढे जायचं की इथे थांबायचं? बटण दाबून उत्तर मिळवताना हा प्रश्न आपल्याला कोणी विचारत नाही.

एक अपवाद मला फार आवडतो. जावामध्ये पैशांसाठी बिगडेसिमल नावाचा प्रकार आहे. त्याला नुसतं सांगा, एकाला तीनने भाग. तो भागत नाही. सरळ एक्सेप्शन फेकतो, की हा विस्तार न संपणारा आहे. कुठे थांबायचं आणि बाकीचं काय करायचं हे तुम्ही लिहून द्या, मगच पुढे जाईन. पर्याय देतो : हाफ अप, हाफ डाउन, हाफ इव्हन वगैरे. नवे लोक वैतागून त्यातला पहिला सुचेल तो टाकतात आणि पुढे जातात.

पण थांबून बघा. अर्धा आला तर खाली, हा हाफ डाउन म्हणजे १९५५ चा नाणे कायदा. अर्धा आला तर वर, हा हाफ अप म्हणजे २०१७ चा केंद्रीय जीएसटी कायदा. त्याच्या १७० व्या कलमात कराची रक्कम रुपयात बसवताना पन्नास पैसे किंवा जास्त असतील तर वरचा रुपया, कमी असतील तर पैसे सोडून द्या, असं लिहिलं आहे. देश एक, रुपया एक, प्रश्न तोच, अर्ध्याचं काय? उत्तरं दोन, आणि दोन्ही कायदेशीर. गणित यांतलं बरोबर कुठलं ते सांगू शकत नाही. गणिताने आपलं काम केलं, बाकी काढून दिली.

पुढच्या वेळी जेवणाचं बिल तिघांत वाटताना ॲपने एकाला ३३३.३४ आणि दोघांना ३३३.३३ दाखवले, तर तो जादाचा पैसा कोणाच्या नावावर टाकायचा हे कुठल्यातरी टीममध्ये कोणीतरी ठरवलेलं असतं. यादीत पहिलं नाव असेल त्याच्यावर, बिल भरणाऱ्यावर, किंवा ज्याने ॲप उघडलं त्याच्यावर. एका पैशाने कोणी भिकेला लागत नाही. पण तीच ओळ व्याजाला, पगाराला, पेन्शनला लागू होते, लाखो लोकांना, दर महिन्याला. ती लिहिणारा माणूस बहुतेक वेळा आपल्यासारखाच कोणीतरी असतो, शुक्रवारी संध्याकाळी घरी जायच्या घाईतला. बाकी कोणाची, हे त्याने निदान ठरवून लिहावं, चुकून नव्हे.